नदीकडे न पाहणारी माणसे

काल दुपारी नदीवरचा एक छोटा माहितीपट पाहत होतो. प्रथेप्रमाणे ड्रोन उंच गेला, खाली नदीची चकचकीत वळणे दिसू लागली आणि मग काठावरची माणसे एकेक करून पाण्याकडे टक लावून बसलेली दाखवण्यात आली. हे मला कधीच पटत नाही. नदीकाठी राहणाऱ्याला नदीकडे पाहत बसण्याची सवड कुठली? धुणे धुणारीची नजर कपड्याच्या डागावर असते, नावाड्याची पलीकडच्या काठावर, आणि पावसाळ्यात सगळ्यांचीच एका ठरावीक दगडावर.

शिवाय उंचावरून नदीचा आवाज येत नाही, आणि मग त्या जागी बासरी वाजते. वाहत्या पाण्याचा आवाज मुख्यतः त्यात सापडलेल्या हवेच्या बुडबुड्यांचा असतो. बुडबुडा जितका मोठा तितका त्याचा स्वर खालचा, हे गणित मिन्नार्ट या शास्त्रज्ञाने १९३३ मध्ये मांडले. एक मिलिमीटर त्रिज्येचा बुडबुडा सेकंदाला ३,००० हून अधिक वेळा कंप पावतो म्हणे. माझ्या आजीला यातले काही ठाऊक नव्हते, पण पावसाळी रात्री ती अंथरुणातूनच सांगे, “खळखळ थांबली रे, दगड बुडाले.” आम्हा पोरांना आवाज थांबला म्हणजे पाणी ओसरले असे वाटे, ती मात्र उठून, काही न बोलता, धान्याची पोती माळ्यावर चढवायला घेई.

पेअर लॉरेन्ट्झ यांच्या १९३८ च्या ‘द रिव्हर’मध्ये, म्हणजे मिसिसिपीवरच्या सुमारे अर्ध्या तासाच्या माहितीपटात, टक लावून बसायला कुणाला उसंत नाही. निवेदक नद्यांची नावे स्तोत्रासारखी म्हणत जातो, जंगले तुटतात, माती वाहून जाते आणि १९३७ चा पूर येतो. हा माहितीपट मला फार आवडतो. मात्र त्याला पैसा अमेरिकी सरकारचा होता आणि शेवट टेनेसी खोऱ्यातल्या धरणांच्या गुणगानाने होतो. त्याच खोऱ्यात १९३६ मध्ये पुऱ्या झालेल्या नॉरिस धरणासाठी हजारो कुटुंबांना घरे सोडावी लागली होती, आणि त्यांच्यापैकी कुणाचाही आवाज त्या अर्ध्या तासात नाही.