तारखेचा रकाना

मालीची राजधानी बामाको, तिथल्या चित्रीकरणाचा परवाना देणाऱ्या कार्यालयाची खिडकी आठवली की आजही माझं डोकं तापतं. २०१० साल. चित्रीकरणाला गेलेलं चौघांचं युनिट, मी साउंडला. पश्चिम आफ्रिकेतल्या या देशात बांदियागाराच्या कड्याखालच्या, डोगोन लोकांच्या एका गावात 'दामा' होणार होता. गावात आधी वारलेल्यांचं सुतक संपवून त्यांना पूर्वजांत पोचवणारा हा मुखवट्यांचा विधी. डोगोनांचा सिगी हा दुसरा मोठा विधी तर ६० वर्षांनी येतो. १९६७ साली सुरू झालेला फ्रेंच चित्रपटकार झ्यां रूश यांनी चित्रित केला, पुढचा २०२७ला. दामाही दरवर्षी होत नाही, म्हणून जीव टांगणीला लागलेला.

व्हिसा, सामानाचे कागद झाले. परवान्याच्या अर्जात मात्र एक रकाना होता: चित्रीकरणाची तारीख. ती आणायची कुठून? गावचा आठवडा पाच दिवसांचा, हिशोब बाजाराच्या दिवसावर. म्हातारे म्हणत, बिअरपुरती बाजरी जमू दे, मग बघू. साहेब म्हणत, तारीख नाही तर अर्ज नाही. अंदाजे लिहून दिली, तर 'अंदाजे' खोडून कागद परत. अकरा दिवस! खुर्चीही कोणी दिली नाही.

शेवटी दुभाष्याला घेऊन गावीच गेलो. वाटेतल्या मोप्ती शहरापर्यंतच सहाशे किलोमीटरच्या वर रस्ता. जाताना भेट म्हणून कोलाच्या चघळायच्या बिया घेऊन जा, आणि रामराम चालू असताना मध्येच कामाचं काढू नका. घर, मुलं, गुरं सगळ्यांची विचारपूस होते, प्रत्येकाला 'सेवा' म्हणायचं, म्हणजे ठीक आहे. तोगुनात, म्हणजे पुरुषांच्या बैठकीत, बाजरीच्या ताटांचं छत इतकं खाली की उभं राहता येत नाही. भांडणात कोणी ताडकन उठू नये म्हणूनच तसं बांधतात. गुडघे मुडपून बसलो. एका आजोबांनी बोटं मोडत बाजार मोजले: चौथ्यानंतर, सातव्याच्या आत. तिथल्या शिक्षकाने त्याच्या दोन तारखा काढल्या आणि 'या दरम्यान' असं पत्र गावप्रमुखाच्या शिक्क्यानिशी लिहून दिलं. त्याच खिडकीत ते दोन मिनिटांत चाललं. 'दरम्यान' लिहा, हे पहिल्याच दिवशी सांगायला काय झालं होतं?

हो, युनिटमध्ये बाई असेल तर गावात आधीच विचारा. बायकांना मुखवट्यांजवळ जाऊ देत नाहीत. आमची दिग्दर्शिका दिवसभर लांबच्या खडकावर बसून होती, तेही मोठी लेन्स न घेता.

दामा सहाव्या बाजारानंतर झाला. कानागा नावाचा मुखवटा घातलेला एक जण कमरेतून गर्रकन वाकला, मुखवट्याचं टोक माझ्यापासून हातभरावर जमिनीला घासत गेलं. ती खर्र हेडफोनमध्ये आली तेव्हा माझे हात थरथरत होते.