बुजवलेलं मिठागर कॅमेऱ्यात कसं आणायचं?

खुर्चीत बसलेले आजोबा, मागे पडदा आणि "पूर्वी इथं मिठागरं होती" हे वाक्य. नवी मुंबईवरचे किती माहितीपट असेच सुरू होतात! त्यात ना जागा दिसते, ना आठवण. १९७० मध्ये नवी मुंबई वसवण्यासाठी सिडको ही सरकारी कंपनी स्थापन झाली, ठाणे, पनवेल आणि उरण तालुक्यांतली ९५ गावं नव्या शहराच्या आराखड्यात आली. तिथली आठवण अजून पायांत आहे, म्हणून माणसाला आधी चालतं करावं.

त्यासाठी मूळ जागा सापडायला हवी. जुन्या सातबाऱ्यावरचा सर्व्हे नंबर घ्यायचा, भूमी अभिलेख कार्यालयातून गावनकाशा मिळवायचा आणि तो आजच्या उपग्रह-चित्रावर बसवायचा. न हललेल्या तीन खुणा तरी हव्यात: गावदेवीचं देऊळ, तळं, विहीर. दोनच धरल्या तर नकाशा जुळल्यासारखा वाटतो, पण जुना कागद एका बाजूनं आकसलेला असला की बांध शेजारच्या सेक्टरात जाऊन पडतो.

मग चालताना फक्त आवाज घ्या, कॅमेरा पिशवीत. कॉलरचा माइक, त्यावर केसाळ कव्हर (खाडीचा वारा फोमला जुमानत नाही), रेकॉर्डिंग ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटवर. "आता कसं वाटतं?" हे विचारूच नका, उत्तर ठरलेलं असतं. "आजी, बांधावरून घरी येताना उजव्या हाताला काय लागायचं?" असं विचारलं की पाय थांबतात, हात आपोआप वर होतो आणि तिवरं, उघाडी (खाडीचं पाणी आत-बाहेर सोडायची झडप), चिंबोऱ्यांची बिळं एकेक करून जागेवर येतात.

चित्र नंतर. दहा-दहा मिनिटांच्या स्थिर चौकटी, भरतीत एक आणि ओहोटीत एक. कोळीवाड्यातला हिशेब सोपा आहे: तिथीची पाऊणपट म्हणजे पूर्ण भरतीची वेळ. पंचमीला पावणेचार, अष्टमीला सहा. हा अंदाजच, कारण ऐरोलीकडे आत पाणी जरा उशिरा पोचतं. भरती रोज सुमारे ५० मिनिटं पुढे सरकते, म्हणून तीच चौकट पुन्हा घ्यायची तर उद्या नाही, पंधरा दिवसांनी जा. पाणीही साधारण त्याच वेळी तेवढंच आणि ऊनही जवळपास तसंच मिळतं.

ट्रायपॉड चिखलात हळूहळू रुततो. बघताना कळत नाही, एडिटिंगला बसल्यावर क्षितिज कललेलं दिसतं. प्रत्येक पायाखाली वीतभर प्लायवूडचा तुकडा ठेवा. एक्स्पोजर (उजेडाचं प्रमाण) आणि व्हाइट बॅलन्स (रंगांचा तोल) लॉक करा, नाहीतर ढग आला की कॅमेरा स्वतःच उजेड वाढवतो. रस्त्यावरच्या दिव्यांखाली सेकंदाला २५ फ्रेम घेताना शटर १/५० सेकंद ठेवलं तर पट्टे सहसा येत नाहीत.

जोडताना आजीचा आवाज आजच्या पार्किंगवर ठेवा आणि रहदारी पूर्ण पुसू नका. बेल्जियन दिग्दर्शिका शांताल आकेरमान यांनी 'न्यूज फ्रॉम होम' या चित्रपटात आईची पत्रं न्यूयॉर्कच्या रस्त्यांवर वाचली आहेत आणि मधूनच शहराचा आवाज ती गिळतो. तिथं दुरावा ऐकू येतो.

आणि बोलणं संपलं म्हणून रेकॉर्डर बंद करू नका, दोन मिनिटं चालू राहू दे. जोडकामाला जागेचा मोकळा आवाज लागतोच, शिवाय त्या शेताचं नाव पुष्कळदा याच वेळी तोंडातून निघतं.