पीटरसन टीव्हीत घडला, हे विसरू नका

वोल्फगांग पीटरसनचं नाव काढलं की आपल्याकडे ट्रॉय आठवतो, फारतर एअर फोर्स वन, आणि मग हॉलिवूडचा ॲक्शनवाला डायरेक्टर म्हणून विषय मिटतो. मला हे अजिबात पटत नाही. हा माणूस टीव्हीत घडला आणि त्याचं सगळ्यात भारी कामही टीव्हीच्याच पैशातून झालंय.

जन्म १९४१चा, एम्डेनचा, म्हणजे उत्तर जर्मनीतलं बंदराचं गाव. आधी हॅम्बुर्गला नाटकं, मग १९६६ला बर्लिनच्या फिल्म अकॅडमीची पहिलीच बॅच, आणि तिथून थेट टीव्ही. टाटोर्ट ही क्राइम सिरीज तिकडे १९७०पासून आजतागायत चालू आहे, एकेक एपिसोड दीड तासाचा म्हणजे पिक्चरच की, त्यात कीलच्या इन्स्पेक्टर फिंकेचे एपिसोड पीटरसनने केले. १९७७ला डी कॉन्झेक्वेन्झ ही फिल्म केली, दोन पुरुषांच्या प्रेमाची गोष्ट, ती टीव्हीवर लागली तेव्हा बव्हेरियाच्या चॅनलने आपल्या भागात दाखवलीच नाही. तिच्यातला हिरो युर्गन प्रोखनाव, तोच पुढे दास बूट या दुसऱ्या महायुद्धातल्या जर्मन पाणबुडीवरच्या पिक्चरचा कॅप्टन.

आणि दास बूट! १९८१. पैसा बराचसा जर्मनीच्या सार्वजनिक टीव्ही चॅनल्सचा, बव्हेरिया स्टुडिओत पाणबुडीचा आतला भाग खऱ्या मापाने बांधला आणि तो हायड्रॉलिक्सवर ठेवला, म्हणजे स्फोट झाला की सगळं खरंच हलणार. कॅमेरामन योस्ट व्हाकानोने हातात धरायच्या छोट्या कॅमेऱ्याला जायरोस्कोप, म्हणजे धावतानाही कॅमेरा स्थिर ठेवणारी फिरती चाकं, बसवले आणि तो घेऊन त्या अरुंद बोळातून नटांच्या मागे अक्षरशः धावला, पाइप चुकवत, गोल दारातून उडी मारत. शूटिंग गोष्टीच्या क्रमानेच केलं त्यामुळे दाढ्या खऱ्या वाढलेल्या दिसतात, आणि नटांना उन्हात जाऊ द्यायचं नाही म्हणजे चेहरे पांढरेफटक. म्युझिक क्लाउस डोल्डिंगरचं, टाटोर्टची ट्यूनही त्याचीच बरं का. ऑस्करची सहा नॉमिनेशन्स मिळाली, त्यात बेस्ट डायरेक्टरही.

हॉलिवूडमधलं सगळंच काही मला आवडत नाही, ट्रॉय तर फारच पसरट वाटतो, पण अमेरिकन प्रेसिडेंटच्या विमानात घडणारा एअर फोर्स वन बघा, परत एका नळकांड्यात अडकलेली माणसं आणि बाहेर पडायला जागा नाही, तिथे तो एकदम घरी आल्यासारखा असतो. २००६चा पोसायडन पडला आणि मग दहा वर्षं पिक्चरच नाही. २०१६ला जर्मनीत परत येऊन त्याने फिअर गेगेन डी बँक केला, तोही १९७६च्या स्वतःच्याच टीव्ही फिल्मवरून. तोच शेवटचा, २०२२च्या ऑगस्टमध्ये गेला.

दास बूट बघणार असाल तर थिएटरचा अडीच तासांचा कट नको, जवळपास पाच तासांचा टीव्हीवाला शोधा. त्यात नुसतं वाट बघणं, कंटाळणं, एकमेकांवर खेकसणं इतकं आहे की पहिला स्फोट होतो तेव्हा आपणही त्यांच्याबरोबर आत कोंडलेले असतो.