शांतिसेनेच्या जनरलचं म्हणणं एकदा तरी ऐका

कारगिल सगळ्यांना माहितीय, १९७१ पण माहितीय, पण श्रीलंकेत शांतिसेना म्हणून गेलेले आपले जवळपास १२०० जवान मारले गेले हा विषय सोलापुरात सात रस्ता चौकात चहा पिताना काढला की सगळे गप्प, कारण ते युद्ध ना इथल्या लोकांना हवं होतं ना तिथल्या. मेजर जनरल हरकिरत सिंग हे १९८७ ला तिकडं गेलेल्या ५४ डिव्हिजनचे प्रमुख. डिव्हिजन सिकंदराबादची, म्हणजे आपल्या सोलापूरहून रात्री गाडीत बसलं की सकाळी पोचतो एवढ्या जवळची. निवृत्तीनंतर त्यांनी लिहिलेलं वाचून डोकंच फिरलं माझं.

त्यांचा मेन राग असा की हुकूम नक्की कुणाचा ऐकायचा हेच ठरलेलं नव्हतं. दिल्ली एक सांगणार, मद्रासचं हेडक्वार्टर दुसरं आणि कोलंबोतले आपले हायकमिशनर तिसरंच. एका मागाला तीन जॉबर (मुकादम) लावले तर कापड कसलं निघणार? एलटीटीई या तिथल्या तमिळ बंडखोर संघटनेचा प्रमुख प्रभाकरन पांढऱ्या निशाणाखाली बोलणी करायला येणार होता तेव्हा त्याला गोळी घाला असं हायकमिशनर दीक्षितांनी सांगितलं आणि आपण साफ नाही म्हणालो, असं ते लिहितात. खऱ्या फौजीनं असंच वागावं असं मला वाटतं.

पण जाफना विद्यापीठाच्या बाबतीत मी त्यांनाही सोडणार नाही. ऑक्टोबरमधल्या त्या रात्री हेलिकॉप्टरनं पोरं मैदानात उतरवली, एलटीटीईनं आपलं वायरलेस आधीच ऐकलेलं आणि ते दबा धरून बसलेले. १३ शीख लाइट इन्फंट्रीचे ३० जण उतरले, २९ मेले, एक कैद झाला, मागून कुमक आलीच नाही. ज्या संघटनेला आपल्याच गुप्तचरांनी ट्रेनिंग दिलं तिची ताकद आपल्याला कळू नये हा दिल्लीचा दोष, मान्य, पण पोरं पाठवणारी डिव्हिजन त्यांचीच होती ना साहेब?

माझे मामा तेव्हा महार रेजिमेंटमध्ये होते, ज्या रेजिमेंटच्या ८ व्या बटालियनच्या मेजर परमेश्वरन यांना तिथं मरणोत्तर परमवीरचक्र मिळालं. मामा म्हणतात, "अरे, कुठली गल्ली कुठं निघते हेच कळायचं नाही बघ, रस्त्यात साधा पत्र्याचा डबा पडलेला दिसला तरी लांबून वळसा घालून जायचो."

आणि मार्च १९९० ला शेवटचे जवान मद्रासला उतरले तेव्हा मुख्यमंत्री करुणानिधी स्वागताला गेलेच नाहीत. त्यांचा राग दिल्लीवर होता तर तो दिल्लीवर काढायचा, बोटीतून उतरणाऱ्या हवालदारानं काय घोडं मारलं होतं त्यांचं?