देवराईची कड पुढे सरकवताना: मृग ते हस्त, कामाची नोंद

जागा गेल्या वर्षीचीच, सातारा जिल्ह्यातल्या जावळीत बामणोलीच्या अंगाला असलेली पंधरा गुंठ्यांची पट्टी. वर जांभ्याचा सडा, म्हणजे कातळाचं पठार, पश्चिमेला देवराई, पूर्वेला नाचणी-वरीचं जुनं वरकस रान, आता पडीक. देवराईत अंजनी, जांभूळ, पिसा, हिरडा. कडेला गेळा, करवंद, तोरण ही काटेरी झुडपं. काम एकच, देवराईची कड या पडीकात पुढे सरकू द्यायची.

आधी मोजणी. 10 बाय 10 मीटरचे सहा चौक दोरी लावून आखले आणि त्यातली गुडघ्याच्या वरची सगळी झाडं मोजली. प्रत्येक चौकाच्या कोपऱ्यात 1 मीटरचा छोटा चौक घेतला, तो बोट-दोन बोट उंचीच्या रोपांसाठी. उघड्या गवतात अंजनीचं एकही रोप नाही. तोरणीच्या जाळीखाली मात्र अंजनी, जांभूळ आणि भोमा एकमेकांना खेटून. बुलबुल तोरणीवर बसतो, बी विष्ठेतून तिथंच पडतं. काट्यांमुळं गुरं तोंड घालत नाहीत आणि चैत्र-वैशाखात जमिनीवर सावली टिकते. म्हणून तोरण, गेळा, करवंद यांना कोयता लावायचा नाही. जाळी तोडून नेमक्या त्याच जागी खड्डा घेऊन रोप लावणं ही या कामातली सगळ्यात महागात पडणारी चूक आहे. आपोआप उगवलेलं आधी जपायचं, मग ताजं बी टोकायचं, पिशवीतलं रोप शेवटी.

जांभळाचं बी वाळवून ठेवायचं नसतं. हे परत लिहावं लागतं, कारण दरवर्षी कुणीतरी उन्हात खडखडीत केलेलं बी डब्यात भरून आणतंच. आतला ओलावा गेला की गर्भ मरतो, आणि दोन आठवड्यांनंतर उगवण फारच घसरते. फणसाच्या आठळीचंही तसंच. यंदाचं बी देवराईबाहेर पडलेल्या फळांचं, गावाला विचारून वेचलेलं. गर धुतला, बी रात्रभर सावलीत निथळू दिलं आणि दुसऱ्या दिवशी आडवं पेरलं, वर बियाच्या जाडीइतकीच माती. समोर शिवसागर जलाशयापलीकडे वासोटा किल्ल्याचं रान आहे, पण ते 1985 पासून कोयना अभयारण्यात आणि 2010 पासून सह्याद्री व्याघ्र प्रकल्पात येतं. तिथलं काहीही वेचायचं नाही.

तिसऱ्या आठवड्यात कोंब दिसले. एका बियातून दोन, कुठं तीन. बोटानं माती सारली की जाडसर बीजदलं एकमेकांना चिकटलेली दिसतात आणि त्यांच्या फटींतून निघालेल्या प्रत्येक कोंबाला स्वतःची मुळी असते, कारण एकाच बियात अनेक गर्भ असतात. चार पानांवर आले की जोमदार असेल तो ठेवायचा आणि बाकीचे कात्रीनं जमिनीलगत छाटायचे. उपटले तर ठेवलेल्याची मुळीही हलते.

थेट रानात टोकलेल्या बियांपैकी फणसाच्या आठळ्या साळिंदरानं एकेक करून उकरल्या. जांभळाच्या जागा बऱ्याचशा तशाच राहिल्या. पुढच्या वर्षी आठळ्या उघड्यावर नकोत, करवंदीच्या बुडात चार बोटं खोल जाऊ देत.

हिरड्याची तऱ्हा उलटी. कवच टणक, त्यामुळं घाई नाही, पण चांगलं बी मिळणंच अवघड. जिथं बाळहिरड्यासाठी, म्हणजे वाळवून विकायला, कोवळी फळं झोडली जातात तिथं झाडाखाली पिकलेलं फळ क्वचितच दिसतं. माघात वेचलेल्या पिवळ्या फळांचा गर ओल्या पोत्यात कुजवून काढला. टाचणीच्या टोकाएवढं भोक असलेली बी बाजूला काढली, आत अळी असते. उरलेल्यांचं रुंद टोक कानशीनं घासलं, गर्भाला धक्का न लागेल इतपतच. मग दीड दिवस गार पाण्यात, पाणी दोनदा बदलून. घासलेल्यांत तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास उगवण झाली, न घासता पेरलेल्यांत तुरळक.

पिशव्यांचं मिश्रण असं: दोन घमेली लाल माती, एक घमेलं कुजलेलं शेणखत, एक घमेलं वाळू. अंजनी आणि पिसा यांच्या पिशवीत झाडाखालच्या पालापाचोळ्यातली मूठभर काळी मातीही घालायची. मुळांच्या सोबतीनं जगणारी बुरशी तिच्यातून येते. ऐन आणि बेहडा पाच बाय आठ इंची पिशवीत फार काळ ठेवला की सोटमूळ तळाशी गोल फिरतं. असं रोप लावल्यावर वर्ष-दोन वर्षं बरं दिसतं आणि मग तिथंच थांबतं. या दोघांना बारा इंच खोल पिशवीच हवी. दीड महिन्यानं पिशव्या उचलून जागा बदलायची, नाहीतर मूळ खालच्या जमिनीत शिरतं.

लावणी पुनर्वसू नक्षत्रात झाली. माण-खटावच्या कोरड्या भागात पाणी साठावं म्हणून आळं खोल करतात, तिथं ते बरोबरच आहे. इथं जांभ्यात घेतलेला खड्डा आषाढात पाण्यानं भरून राहतो आणि मुळं गुदमरून कुजतात. गेल्या वर्षी रोपं मेली ती याच कारणानं. यंदा खड्डा दीड फुटाचाच घेतला, पण भरताना माती आजूबाजूच्या जमिनीपेक्षा चार इंच उंच ठेवली आणि वरच्या अंगाला पाणी वळवायला चर काढला. पुष्याच्या झडीनंतर सगळी रोपं पाहिली. पानं पिवळी पडलेली सापडली ती माती खचून पुन्हा खळगा झालेल्या जागीच.

रानमोडी हे तण उत्तरा नक्षत्रात उपटलं. माती ओली असते, मूळ अख्खं येतं आणि फुलायला अवकाश असतो. मार्गशीर्षापर्यंत थांबलं तर बी वाऱ्यावर जातं. घाणेरीचं मूळ जमिनीखाली दोन-तीन बोटांवर कुदळीनं तोडून ठोंब उलटा टाकायचा. नुसती वरून छाटली तर दुप्पट फुटते. पण ती सगळी एकदम काढायची नाही, कारण तिच्या सावलीतही रोपं असतात. यंदा एक तृतीयांश काढली.

मदतीला येणारे मित्र दरवेळी विचारतात, वरचा सडा मोकळाच आहे, तिथं का लावायचं नाही? तो मोकळा नाही. 2012 पासून जागतिक वारसा यादीत असलेल्या कासच्या सड्यासारखाच तो आहे. कातळावर माती जेमतेम, तीही निकस, म्हणून तर तिथं कीटक खाणारी सीतेची आसवं फुलतात. त्यांच्यावर आणि गेंदाच्या फुलांवर सावली पडली की ती संपली. सड्यावर एकही खड्डा नको.

आता जाळपट्टा, म्हणजे वणवा अडवायला मोकळी ठेवलेली पट्टी. वणवा चढावर धावतो, म्हणून खालच्या बाजूला पाच मीटर रुंदी, बाकी बाजूंना तीन. गवत वाळलं की संक्रांतीच्या आत कापून पट्ट्याबाहेर ओढायचं आणि जमीन खरवडायची. पानगळ मात्र त्यानंतर येते, पट्टा पुन्हा पाल्यानं भरतो. त्यामुळं होळीच्या आठवडाभर आधी तो एकदा खराट्यानं झाडायचा.