तुम्ही विचारलंत म्हणून: शकुंतला परत कधी धावणार?

शकुंतला म्हणजे विदर्भातली यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर ही आता बंद पडलेली छोट्या रुळांची गाडी. दारव्ह्यापासून दर्यापूरपर्यंत कुठेही रेल्वेचा विषय निघाला की पहिला प्रश्न हाच येतो. आणि त्याच्या पाठोपाठ दुसरा: रूळ तर पडलेलेच आहेत, मग गाडी सोडायला काय जातंय?

दुसऱ्याचं उत्तर आधी देतो. त्या रुळांवरून आता गाडी सोडता येणार नाही. आणि पुढे कधी यवतमाळ–मूर्तिजापूर–अचलपूर गाडी धावलीच, तर ती शकुंतला नसेल, तिच्या वाटेवर बांधलेली नवी रेल्वे असेल. हा फरक लक्षात घेतला नाही तर दर निवडणुकीला तेच आश्वासन ऐकायचं आणि दर निवडणुकीनंतर तेच फसल्यासारखं वाटायचं.

मुळात ही लाइन आली कापसासाठी. १८५३ साली बोरीबंदर–ठाणे गाडी धावली आणि १८६७ मध्ये जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वे भुसावळ, अकोला, बडनेरा, वर्धा करत नागपूरला पोचली. मधल्या काळात अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे तिकडचा कापूस अडला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांचे डोळे वऱ्हाडाकडे लागले. पण मुख्य लाइन सोयीच्या सपाट जमिनीवरून गेली आणि कापसाचे मोठे बाजार बाजूला राहिले. म्हणून जलंब–खामगाव हा १३ किलोमीटरचा फाटा निघाला; १८७० मध्ये त्याच्या उद्घाटनाला खुद्द व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावला आला होता. बडनेरा–अमरावती फाट्याचं कारणही तेच. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हाच हिशेब आणखी आतल्या गावांना लावला गेला. फक्त आता खर्च वाचवायचा होता, म्हणून रूळ अडीच फुटांचे, म्हणजे ७६२ मिलिमीटरचे. मूर्तिजापूर–यवतमाळ ११३ किलोमीटर, मूर्तिजापूर–अचलपूर ७६ आणि याच खासगी कंपनीची, म्हणजे सेंट्रल प्रोव्हिन्सेस रेल्वे कंपनीची, पुलगाव–आर्वी ३५. व्यवस्थापन किलिक-निक्सन या ब्रिटिश कंपनीकडे, गाड्या चालवायच्या जीआयपीने आणि पुढे मध्य रेल्वेने. देशातल्या रेल्वे सरकारच्या ताब्यात गेल्या, ही मात्र कराराने कंपनीचीच राहिली. ‘अजून इंग्रजांची रेल्वे’ असं वर्तमानपत्रांत येतं ते यावरून. ते अर्धंच खरं आहे, कारण कंपनी पुढे भारतीय हातांत गेली. पण या मालकीच्या घोळात रुळांवर पैसा कुणी घालायचा हे कधी नीट ठरलं नाही, आणि नुकसान व्हायचं ते तिथेच झालं.

मँचेस्टरला १९२१ साली बनलेलं झेडडी जातीचं वाफेचं इंजिन या मार्गावर १५ एप्रिल १९९४ पर्यंत चाललं, मग डिझेल आलं. गाडीला वेग नव्हताच. ताशी वीस किलोमीटर म्हणजे चांगला दिवस. माणसंही मोजकीच. फाटकावर गेटमन नसायचा. गाडी फाटकाच्या अलीकडे थांबायची, गाडीतलाच एक जण उतरून फाटक लावायचा, झेंडी दाखवायचा, गाडी पलीकडे जाऊन पुन्हा थांबायची, तो फाटक उघडून पळत येऊन चढायचा. स्टेशनवर तिकीट फाडायचं काम गार्डाकडे. हे सगळं ऐकायला गोड आहे, पण लाइन मेली त्यामागे हेच होतं. कापसाची गठाण मूर्तिजापूरला छोट्या वाघिणीतून उतरवून मोठ्या वाघिणीत चढवावी लागे. ही दुहेरी हमाली ट्रकला लागत नाही. जिनिंगच्या दारातून माल थेट गिरणीच्या दारात. माल गेला, उरले गरीब प्रवासी, आणि त्यांच्या तिकिटांवर कोणतीच रेल्वे चालत नाही. गेल्या दशकात आधी यवतमाळची बाजू बंद पडली, मग अचलपूरची.

आता ‘ब्रॉडगेज करायचं’ म्हणजे काय ते बघू. बऱ्याच जणांना वाटतं की दोन रुळांमधलं अंतर अडीच फुटांवरून साडेपाच फूट केलं की झालं. तसं नसतं. जुन्या लाइनमधलं जवळपास काहीही वापरता येत नाही. नॅरोगेजला ४४ मीटर त्रिज्येपर्यंतचं वळण चालतं; ब्रॉडगेजला अगदी कमीत कमी १७५ मीटर, आणि नवी लाइन टाकताना त्याच्या कितीतरी पट सपक वळण धरतात. म्हणजे जिथे शकुंतला नाल्याला वळसा घालून गेली, तिथे नवी लाइन वावरातून सरळ जाणार. मातीचा भराव माथ्यावर ७.८५ मीटर रुंद लागतो. पूल सगळे नवे, कारण ब्रॉडगेज वाघिणीच्या एका आसाचं वजन २५ टनांपर्यंत धरावं लागतं आणि जुने पूल त्याच्या निम्म्यासाठीही बांधलेले नाहीत. मीटरला ६० किलो वजनाचा रूळ म्हणजे दोन रुळांचं मिळून किलोमीटरला १२० टन लोखंड. सिमेंटचे स्लीपर किलोमीटरला १,६६०. फक्त यवतमाळ–मूर्तिजापूरचा हिशेब केला तरी साडेतेरा हजार टन रूळ आणि पावणेदोन लाखांहून जास्त स्लीपर होतात. त्याखाली ३५ सेंटिमीटर गिट्टी. तेव्हा ‘रूळ पडलेलेच आहेत’ याला फारसा अर्थ नाही. ते पडलेले रूळ भंगार आहेत.

पण विदर्भात खरा वैरी लोखंड नाही, काळी माती आहे. कास्तकाराला हे सांगायला नको: उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा, पावसाळ्यात तीच जमीन फुगून येते. वरून गाडी गेली की ओल्या मातीचा गारा खालून गिट्टीत चढतो. रेल्वेच्या भाषेत याला मड पंपिंग म्हणतात. ओळखायला सोपं आहे. गाडी जाताना स्लीपर खालीवर हलतो, त्याच्या कडेने राखाडी पाणी उडतं, आणि सुकल्यावर तिथली गिट्टी पांढुरकी, चिखलाने माखलेली दिसते. एकदा गिट्टीच्या फटी चिखलाने भरल्या की पाणी झिरपायला वाट राहत नाही, रूळ एका बाजूला बसतो आणि तिथे वेगमर्यादेची पाटी लागते. मग गँगमन कितीही वेळा गिट्टी ठोको, पुढच्या आषाढात जैसे थे.

यावर उपाय आहेत, पण ते बांधतानाच करावे लागतात. वरची काळी माती काढायची. फुगणाऱ्या मातीचा भराव टाकायचा नाही. मुरूम किंवा न फुगणारी माती आणायची. थर तीस सेंटिमीटरच्या आत पसरायचे, प्रत्येक थराला मोजून पाणी मारायचं आणि रोलर फिरवायचा. सगळ्यात वर खडी-वाळूच्या ठरावीक मिश्रणाचा ‘ब्लँकेट’ थर, जो खालची माती वर चढू देत नाही. उतार पसरट ठेवायचा आणि पायथ्याशी नाली काढून ती खऱ्या नाल्याला जोडायची. चूक कुठे होते? मार्च संपत आला की ठेकेदाराला घाई होते, जाड थर टाकून वरवर रोलर फिरतो, आणि पायथ्याची नाली ‘नंतर’ राहते. पहिल्या पावसाळ्यात भरावाला पावसाच्या घळी पडलेल्या दिसल्या, तर समजायचं की आतही हेच केलेलं आहे.

आता गावाशी थेट संबंध असलेली गोष्ट, जिच्याबद्दल कुणी विचारत नाही: पांदण रस्ते, म्हणजे वावरात जायच्या वाटा. नव्या लाइनवर फाटकं ठेवत नाहीत. जिथे रस्ता रूळ ओलांडेल तिथे वरून पूल किंवा खालून भुयारी मार्ग. दहा-बारा पांदणींपैकी दोन-तीनच भुयारी मार्गांना जोडल्या जातात, बाकी बंद. ज्याचं वावर रुळांपलीकडे गेलं त्याला बंडी घेऊन तीन-चार किलोमीटरचा फेरा पडतो. आणि जो भुयारी मार्ग मिळतो त्याची उंची बहुधा साडेतीन-चार मीटर असते. कुटाराने (भुशाने) भरलेली ट्रॉली किंवा हार्वेस्टर त्यातून निघेल की नाही हे आधी मोजून बघा, नकाशावर सही झाल्यावर नाही.

त्यातून काळ्या मातीत खोदलेला भुयारी मार्ग म्हणजे पावसाळ्यात विहीर. जमिनीच्या पातळीखाली गेलेल्या रस्त्याचं पाणी काढायला एकच भरवशाचा मार्ग आहे: नालीला जवळच्या नाल्यापर्यंत सतत उतार. तो मिळत नसेल तर पंप बसवतात, आणि मुसळधार पावसात वीज गेली की पंपही गेला. म्हणून तीन गोष्टी लेखी मागा. तोंडाशी रस्त्याला उंचवटा, म्हणजे बाहेरचं पाणी आत शिरणार नाही. दोन्ही उतारांवर पत्र्याचं छप्पर. आणि पाणी नेमकं कुठल्या नाल्यात सोडणार त्याचा नकाशा. तिसरी गोष्ट दाखवता आली नाही तर पहिल्या दोन असूनही फायदा नाही.

जमिनीचं सांगायचं तर ‘विशेष रेल्वे प्रकल्प’ जाहीर झाला की रेल्वे कायद्याच्या कलम २०-ए खाली अधिसूचना निघते, आणि तिथपासून ३० दिवसांत हरकत नोंदवायची असते. गावात ही नोटीस चावडीवर लागते आणि पेरणीच्या गडबडीत वाचली जात नाही. संयुक्त मोजणीच्या दिवशी स्वतः धुऱ्यावर उभं राहावं. विहीर, बोअर, जमिनीखालची पाइपलाइन, संत्र्याची झाडं, सागवान हे सगळं पंचनाम्यात आलं पाहिजे. जे त्या कागदावर नाही त्याचा मोबदलाही नाही. अंजनगाव–अचलपूरच्या बाजूला संत्रा आहे, तिथे झाडाचं वय नोंदवलं का ते बघा, कारण रोपाचा दर आणि फळावर आलेल्या झाडाचा दर यात फार अंतर असतं. विहीर एका बाजूला आणि ओलित दुसऱ्या बाजूला राहणार असेल, तर भराव पडण्याआधीच पाइपसाठी आरपार नळकांडं टाकून मागा. नंतर रुळांखालून पाइप न्यायचा तर रेल्वेची वेगळी परवानगी, शुल्क आणि हेलपाटे.

मग काही होणार आहे की नाही? एक लाइन प्रत्यक्ष होते आहे: वर्धा–यवतमाळ–नांदेड, २८४ किलोमीटर, २००८-०९ च्या अर्थसंकल्पातली, राज्याचा ४० टक्के वाटा असलेली. तिचा वर्धा–कळंब टप्पा फेब्रुवारी २०२४ मध्ये सुरू झाला. म्हणजे मंजुरीपासून सुमारे चाळीस किलोमीटरला पंधरा वर्षं. ही लाइन यवतमाळहून दारव्हा, दिग्रस, पुसदकडे जाते. यवतमाळ–दारव्हा हा शकुंतलेचाच पट्टा. त्यामुळे आमच्या मते शकुंतलेच्या मागणीचा आकार आता बदलायला हवा. ‘यवतमाळ ते मूर्तिजापूर सगळी ब्रॉडगेज करा’ म्हणण्यापेक्षा ‘दारव्ह्याहून कारंजामार्गे मूर्तिजापूर जोडा’ ही मागणी छोटी आहे, स्वस्त आहे, आणि तिने पुसद-दिग्रसकडून येणारी मालगाडी वर्ध्याचा वळसा न घेता थेट अकोल्याकडे निघू शकते. रेल्वेच्या हिशेबात वजन मालगाडीला आहे. सोयाबीन, सिमेंट, खत, कोळसा यांची भाषा बोलणाऱ्या निवेदनाला जे उत्तर मिळतं, ते ‘आमची लाडकी शकुंतला’ म्हणणाऱ्याला मिळत नाही. अचलपूरच्या बाजूला मात्र असा जोडमार्ग नाही, ती टोकाशी संपणारी लाइन आहे, म्हणून तिची बाजू लंगडी आहे. हे तिथल्या लोकांना आवडणार नाही, पण आहे ते असं आहे.

बातम्यांचं काय करायचं? ‘सर्वेक्षणाला मंजुरी’ म्हणजे लाइनला मंजुरी नव्हे. आधी सर्वेक्षण आणि अंतिम स्थान निश्चिती (लाइन नेमकी कुठून जाणार ते ठरवणं), मग सविस्तर प्रकल्प अहवाल, मग मंजुरी, आणि त्यानंतर जमीन. जंगल लागलं तर वेगळीच वाट. अकोला–खंडवा मेळघाटातून न्यायची की बाहेरून, यावर वर्षं गेली. दरवर्षी अर्थसंकल्पानंतर रेल्वेचं ‘पिंक बुक’ निघतं, म्हणजे कुठल्या कामाला किती पैसे त्याची यादी; ते इंटरनेटवर फुकट बघता येतं. त्यात मध्य रेल्वेच्या पानांवर आपल्या लाइनचं नाव शोधा आणि पुढचा आकडा वाचा. हजार रुपये लिहिलेले असतील तर ती निव्वळ टोकन तरतूद, म्हणजे नाव फक्त जिवंत ठेवलं आहे. कोटींचा आकडा दिसला आणि भूमी अभिलेखची माणसं मोजणीला आली, तर मग सातबारा काढून तयार ठेवा.