रखडलेले पुनर्मूल्यांकन आणि धारवाडचे खंडपीठ

पुनर्मूल्यांकनाचा निकाल रखडला की आमच्या बेळगाव-खानापूर भागातील पालक ‘कोर्टात जाऊ’ म्हणतात, आणि कोर्टाकडून त्यांची अपेक्षा असते ती वाढीव गुणांची. नियमांत तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हक्क म्हणून मागता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1984 मध्येच महाराष्ट्राच्या परीक्षा मंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. मात्र विद्यापीठाच्या स्वतःच्याच नियमांत ही सोय असेल आणि त्यासाठी शुल्कही घेतले असेल, तर होणाऱ्या दिरंगाईविरुद्ध राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालयात याचिका करता येते. तीत मागायचे ते एवढेच, की अमुक तारखेच्या आत निकाल जाहीर करावा.

माझ्या भाचीचा कोल्हापूरचा एम.एस्सी.चा प्रवेश अशाच रखडलेल्या निकालावर अडला होता. परीक्षा विभागाच्या खिडकीवर ‘नाळे बर्री’ (कन्नडमध्ये ‘उद्या या’) ऐकून परतणाऱ्या या मुलीजवळ शुल्काचे चलन तेवढे होते. विचारणा केल्याचा पुरावा काहीच नव्हता. मग कुलसचिव (मूल्यमापन) यांच्या नावे एक पानी अर्ज लिहिला, त्यात परीक्षा क्रमांक, विषय, शुल्क भरल्याची आणि प्रवेशाची शेवटची तारीख घातली, आणि आपल्या प्रतीवर आवक क्रमांकासह शिक्का पडल्याशिवाय तेथून हलायचे नाही, असे तिला बजावले. याचिकेची वेळ आलीच तर वकील आधी हाच कागद मागतात, कारण अगोदर लेखी मागणी केली होती का, हे न्यायालय पाहते. तिचा निकाल त्यानंतर लागला. अर्जामुळेच लागला, असे मी म्हणणार नाही.

उत्तरपत्रिकेची प्रत मात्र माहिती अधिकाराखाली मागता येते. 2011 मध्ये सीबीएसईच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने तसा निर्णय दिला आहे. शुल्क दहा रुपये, उत्तराची मुदत 30 दिवस. कर्नाटकात अर्ज एकाच विषयाचा आणि 150 शब्दांच्या आत हवा, त्यामुळे गाऱ्हाणे गाण्याला तेथे जागा नाही. यूजीसीच्या 2023 च्या विनियमांनुसार विद्यार्थी तक्रार निवारण समितीने 15 कामकाजाच्या दिवसांत अहवाल द्यावयाचा असतो आणि त्यानंतर विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येते. ग्राहक न्यायालयाचा सल्ला अजूनही काही जण देतात, पण परीक्षा घेणे ही ग्राहकाला दिलेली सेवा नव्हे, असे सर्वोच्च न्यायालयाने 2009 मध्येच ठरवले आहे.

धारवाडला 2008 मध्ये उच्च न्यायालयाचे फिरते खंडपीठ आले आणि 2013 मध्ये ते कायम झाले, म्हणून आपल्याला आता बेंगळुरू गाठावे लागत नाही. तरीही सीमाभागातील मुलांपुढे एक वेगळी अडचण उरते. धारवाडच्या आदेशाने येथील विद्यापीठाला मुदत घालून देता येईल, पण कोल्हापूरच्या महाविद्यालयाला जागा राखून ठेवायला लावणे अवघड आहे. तेव्हा शिक्क्याच्या प्रतीची झेरॉक्स जोडून तात्पुरत्या प्रवेशाचा स्वतंत्र विनंतीअर्ज तेथेही, मुदत संपण्यापूर्वीच, द्यावा.